दुसरं कडवं

पहिल्या बोटीनं उतरलेल्या माणसांना मी आधी हसवून घेते. हसलेलं माणूस ऊन सोसतं, चिखल सोसतं, आणि रानमांजर दिसलं नाही तरी कुरकुरत नाही.

"गाइडबाई, मांजर दिसणार ना?" ओसाकाचे एक आजोबा बसच्या पायरीवरच अडून बसले. "बसवर तर एवढं मोठं रंगवलंय!"

"आजोबा, अठ्ठावन्न वर्षं या इरिओमोते बेटावर काढली, तर ते मला दोनदा दिसलं. नवरा त्याहून जास्त वेळा दिसला, पण त्याचं काय कौतुक!"

सगळे हसले. एकोणीस जण होते. फक्त माझा भाऊ केन्शो हसला नाही. बस त्याची, गाडी तो चालवतो, तोंड मी चालवते, असा आमचा अकरा वर्षांचा धंदा. एरवी माझ्या याच विनोदावर तो न चुकता हॉर्न वाजवतो. आज स्टिअरिंगवर दोन्ही हात ठेवून समोर बघत राहिला.

"ताई," मी जवळ गेल्यावर तो हळूच म्हणाला, "आज मागची बर्फाची पेटी उघडू नकोस. पुढचीच वापर."

"का? जास्तीचा गार चहा मागच्या पेटीत आहे."

"झाकण मोडलंय. सांगितलं ना, उघडू नकोस."

माझ्याशी तो या सुरात बोलत नाही. पण एकोणीस माणसं बसून होती. मी माइक हातात घेतला.

मे महिन्यात आमच्या बेटाचं अंग भरून येतं. खारफुटीच्या पायांशी नदी लाडात येऊन बसते, लाल खंड्या रानात दडून असा गळा काढतो की जणू सासरी निघालाय. विजेच्या खांबावर सर्पगरुड बसला होता, त्याचे फोटो झाले. नदीच्या चिखलात उड्या मारणारे मासे झाले. मग मी माझं गाणं काढलं. आमच्याकडे भात लावताना एकीनं ओळ टाकायची आणि बाकीच्यांनी झेलायची, अशी रीत होती. आता भात लावणाऱ्या राहिल्या नाहीत, तर मी प्रवाशांना झेलायला लावते. गाणं मीच रचलेलं.

हळू हळू हाक गाडी, वळणावर थांब थोडी,
ठिपक्याची माय येते, तिच्या मागे बाळजोडी.

"हिया, सावकाश!" एकोणीस गळ्यांनी ओळ झेलली. टाळ्या पडल्या.

"अहो, एवढं सावकाशही नको!" आजोबा ओरडले. "बैलगाडीनं आलो असतो!"

खरंच, बस वीसच्या वर जात नव्हती. पुलाजवळचं वळण आलं तेव्हा केन्शोनं उजवीकडे मान फिरवली नाही. तिथं रस्त्याखालून मांजरांसाठी बोगदा केलाय. तो दाखवायचा असतो, तिथं बस थांबते. आज थांबली नाही. त्याच्या मानेवरून घाम ओघळत होता, आणि बसमध्ये तर गारवा होता.

"दुसरं कडवं नाही का?" आजोबांनी विचारलं.

"आहे," मी म्हटलं. "ते जेवणानंतर."

दुसरं कडवं मी तीन वर्षांपूर्वी जोडलं होतं. त्या साली फुरुगेनदादाच्या गाडीखाली, याच पुलापाशी, एक रानमांजर आलं. दादा आमच्याच वाडीतला. लहानपणी खारफुटीत शिंपले कसे शोधायचे ते त्यानं मला शिकवलं. त्यानं ते मांजर मांडीवर घेतलं आणि स्वतःच रानमांजरांच्या रक्षण केंद्राला फोन लावला. नसता लावला तर कुणाला कळलंही नसतं. दंड नाही, शिक्षा नाही. अपघात तो अपघात, कळवलंत हे बरं केलंत, असं केंद्रातली माणसं म्हणाली. वाडी काहीच म्हणाली नाही. पण त्या साली सुगीच्या सणाला दरवर्षीसारखी नगाऱ्याची टिपरी त्याच्या हातात कुणी दिली नाही. त्याचा पेला रिकामा होता आणि दारूचं भांडं त्याच्या अलीकडे येऊन परत फिरलं. बायको शेवटी लेकीकडे मोठ्या बेटावर निघून गेली. आणि मी, मला शब्द सुचतात म्हणून, कडवं रचलं:

कुणाला ती घाई झाली, कुणी गाडी दामटली,
दूध सुकलं रानात, बाळं उपाशी निजली.

नाव घेतलं नव्हतं. नाव घ्यायची गरजच कुठं होती? शाळेच्या बाईंनी ते पोरांना शिकवलं. तेव्हापासून दादा एका छोट्या टेम्पोत बर्फाच्या पेट्या भरून मासळी विकत फिरतो. वीसच्या वेगानं. रोज संध्याकाळी त्या पुलापाशी उतरतो, एखादं रानफूल ठेवतो, हात जोडतो, जातो. बेटावर हे सगळ्यांना ठाऊक आहे. माझ्या प्रवाशांनाही मी ते सांगत आले होते.

अकराच्या सुमारास प्रवासी रेड्यांच्या गाड्यांत बसून उथळ पाण्यातून पलीकडच्या बेटुकलीवर गेले. गाडीवान तीन तारांचं सान्शिन छेडत होता, पाणी रेड्याच्या पोटाला लागत होतं, सगळं रोजच्यासारखं. केन्शो दूर झाडाखाली पाठमोरा बसला होता. पुढच्या पेटीतला चहा संपला. माणसं तासाभरात तहानेली परत येणार. मी मागची पेटी उघडली.

झाकण धड होतं. वर आमचा टॉवेल. नव्या वर्षाला गिऱ्हाइकांना वाटतो तो, बसचं नाव आणि मोठ्या डोळ्यांचं मांजर छापलेला. टॉवेलखाली ती होती.

आयुष्यात तिसऱ्यांदा दिसली, आणि पहिल्यांदाच इतक्या जवळून. गोल कान, कानामागचा पांढरा ठिपका. झोपल्यासारखीच, फक्त जबड्यापाशी रक्ताची एक काळी रेघ. मी पोटावर हात ठेवला. आचळं भरलेली होती. तट्ट. बोट टेकलं तर दूध आलं. बर्फात ठेवलेलं दूध, माझ्या बोटावर.

"सकाळी सहाला," केन्शो मागे येऊन उभा होता. "पुलापाशी. ताई, मी चाळीसच्या वर नव्हतो, आईशप्पथ. ती एकदम आली."

"फोन का नाही केलास?"

"दादानं केला होता की."

मी टॉवेल पुन्हा तिच्यावर ओढला.

"बसवर मांजर रंगवलंय आपल्या," तो म्हणाला. "कोण बसेल? मुलगी पुढच्या वर्षी कॉलेजला. आणि गाणं... तुझं गाणं म्हणतील ना माझ्यावर. माझी पोरंच म्हणतील."

"केन्शो, हिच्या अंगावर दूध आहे. पिल्लं कुठंतरी तिथंच आहेत. केंद्राला आत्ता कळलं तर ते रान धुंडाळतील. सकाळपासून पाच तास झाले."

"मग तू कर फोन. नाव सांगू नकोस."

"माझा आवाज या बेटावर कोण ओळखत नाही?"

पलीकडून रेड्याची गाडी परत फिरलेली दिसली. गाडीवानानं माझंच गाणं धरलं होतं आणि प्रवासी झेलत होते. हिया, सावकाश. केन्शो मटकन खाली बसला आणि माझ्या पायाला हात लावल्यासारखं करून म्हणाला, "शेवटची बोट जाऊ दे, ताई. तेवढं कर. मग तू म्हणशील तसं."

मी पेटी बंद केली. हे मी केलं. त्यानं नाही. हात धुतले आणि कोपऱ्यावरच्या दुकानातून एकोणीस बाटल्या चहा विकत आणला.

जेवणात जांभळा भात होता. आजोबांनी दोनदा घेतला. मग म्हणाले, "हं, आता दुसरं कडवं!" मी म्हटलं. आवाज कुठं कापला नाही. एका बाईनं रुमालानं डोळे टिपले आणि विचारलं, "खरंच असं झालं होतं का हो? आणि तो माणूस अजून इथंच राहतो?"

"राहतो," मी म्हटलं.

पाचची बोट सुटली. माणसं हात हलवत गेली, आजोबा ओरडले, "पुढच्या वेळी मांजर हवंच!" ऊन अजून चांगलं होतं. बसमध्ये आम्ही दोघंच उरलो, आणि मागची पेटी.

"पुलापाशी ठेवू," मी म्हटलं. "साडेपाचला फुरुगेनदादा तिथं उतरतो. त्याला दिसेल. तो फोन केल्याशिवाय राहायचा नाही. लगेच करेल. पिल्लांचा शोध लागेल, आणि आपल्यालाही..." केन्शोनं माझ्याकडे पाहिलं. त्याला जे सुचलं ते मलाही सुचलं होतं. सुचलं नव्हतं असं मी नंतर पुष्कळदा स्वतःला सांगून पाहिलं.

गवताच्या कडेला आम्ही तिला ठेवलं. इतकी हलकी. टॉवेल सोडवत होतो तेवढ्यात वळणामागे टेम्पोचा आवाज आला, तसे धावत बसमध्ये चढलो. पुलाच्या पुढं दादा समोरून आला. रस्ता अरुंद. त्यानं टेम्पो कडेला घेतला, आम्हाला वाट दिली आणि नेहमीसारखी मान लववली.

"टॉवेल?" वाडी आल्यावर मी विचारलं.

"तुझ्याकडे ना?"

दादानं फोन केला. पंधरा मिनिटांत केंद्राची गाडी आली. डॉक्टरीणबाईंनी दूध पाहिलं, माणसं रानात सोडली. त्यांनी आणखी दोन गोष्टी पाहिल्या: तिची फर ओली होती, पाऊस तर आठवडाभर नव्हता, आणि अंग आतून गार होतं, मासळीसारखं.

मासळीसारखं. हा शब्द त्यांनी नुसता कागदावर लिहिला असेल. वाडीत यायला त्याला एक दिवस लागला.

"दिवसभर बर्फात ठेवली म्हणे त्यानं."

"आणि मग मन खायला लागलं असेल. का वास यायला लागला असेल?"

"एकदा चूक समजू शकतो बाई. दोनदा?"

किराणा दुकानात बायका बोलत होत्या. मी सोया सॉसची बाटली हातात धरून उभी होते. एकीनं मला विचारलं, "यासुए, तुला काय वाटतं?" तोंडाला येईल ते बोलणारी मी, म्हटलं, "पिल्लं सापडली का?"

चौथ्या दिवशी एक सापडलं. बोगद्याच्या तोंडाशी, मुठीएवढं. आईची वाट बघत उजेडापर्यंत आलं होतं. दुसऱ्याचे नुसते ठसे दिसले, ते सापडलंच नाही. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, सकाळीच कळलं असतं तर दोन्ही जिवंत हाती लागली असती कदाचित. सकाळी. मी तो शब्द घरी नेला.

टॉवेलबद्दल कुणीच काही बोललं नाही. केंद्रातलं कुणी दारात आलं नाही. केन्शो म्हणायचा, "वाऱ्यानं नदीत गेला असेल." रोज म्हणायचा.

दादाची मासळी कुणी घेईना. टेम्पो दारोदार थांबायचा आणि तसाच पुढं सरकायचा. केंद्रानं विचारलं तेव्हा तो एवढंच म्हणाला होता, "मला अशीच मिळाली." पुन्हा विचारलं, तर पुन्हा तेच.

जूनमध्ये एका सकाळी मी धक्क्यावर झेंडी घेऊन उभी होते. बोट लागली, प्रवासी उतरू लागले. आमच्याकडे बेट सोडून जाणाऱ्याला पोचवायला सारी वाडी येते, सान्शिन वाजतं, पोरं धक्क्यावरून पाण्यात उड्या मारतात. त्या दिवशी जाणाऱ्यांच्या रांगेत एकटा फुरुगेनदादा होता. एक पिशवी, एक गुंडाळलेलं अंथरूण. पोचवायला कुणी नव्हतं.

मला पाहून तो रांगेतून बाहेर आला. पिशवीतून त्यानं एक घडी काढून माझ्या हातात दिली. धुतलेली, इस्त्री केलेली, साबणाचा वास येणारी. वरून मोठ्या डोळ्यांचं मांजर माझ्याकडे बघत होतं.

"रक्ताचा डाग थंड पाण्यानंच जातो," तो म्हणाला. "गरम पाणी घातलं की पक्का होतो. लक्षात ठेव."

"दादा..." एवढंच सुचलं. मला, जिला शब्द सुचतात. "तू... तू सांगितलं का नाहीस?"

त्यानं बसकडे पाहिलं. काचेमागे केन्शो स्टिअरिंगवर मान घालून बसला होता.

"केन्शोची पोरं लहान आहेत," तो म्हणाला. "आणि एवढ्याशा बेटाला असा माणूस एक पुरतो, यासुए. दोन कशाला?"

"मी सांगते सगळ्यांना. आज सांगते."

"सांग की," तो म्हणाला. रागानं नव्हे. लहानपणी मी म्हणायचे की यंदा मी एकटी नदी पोहून जाते, तेव्हा असाच म्हणायचा. मग वाकून माझ्या प्रवाशांना नमस्कार केला, "सावकाश फिरा हं," म्हणाला, आणि बोटीत चढला. वरच्या डेकवर न जाता आत बसला.

प्रवासी बसमध्ये चढले. पुढच्या बाकावरच्या मुलीनं विचारलं, "ते आजोबा कोण होते? किती गोड!"

"मासळी विकायचे," मी म्हटलं.

केन्शोनं आरशातून पाहिलं. "काय म्हणाला?"

"गाडी काढ."

टॉवेल मांडीवर घेऊन मी माइक हातात धरला. माणसं वाट बघत होती. नवऱ्याचा विनोद सांगितला. हसली. केन्शोनं हॉर्न वाजवला. पुलापाशी बस थांबली, मी बोगदा दाखवला, पहिलं कडवं म्हटलं.

दुसरं म्हटलं नाही. त्या दिवसापासून कधीच म्हटलं नाही. पण त्यानं काय होणार? दुपारी बस शाळेवरून जाते, तेव्हा पोरं कुंपणाला लटकून आमच्याकडे बघत हात हलवतात आणि मोठ्यांदा गातात. केन्शोची धाकटीही गाते. दोन्ही कडवी. दुसऱ्यात आता ती फुरुगेनचं नाव घालतात. चालीत ते अगदी बसतं.