भिंतीतला मुलुख

राहीबाईच्या भिंतीत सकाळपासून नुसता धुमाकूळ चालला होता. नागपंचमीचे नाग वेटोळी सोडून सैरावैरा पळत होते. गेरूचा मोर तुळशीवृंदावनाआड दडून बसला होता, आणि दिवाळीत काढलेली गाईची पावलं घाबरून पार वळचणीपर्यंत चढली होती. सूर्य-चंद्र एकाच कोपऱ्यात अंग चोरून होते.

"गप बसा ना रे जरासे! डोकं उठवलं माहं," राहीबाई भाकरी थापता थापता ओरडली. भिंतीत कोणी ऐकलं नाही.

तेलंगणातल्या बोथच्या अलीकडच्या त्या गावात मातीची घरं अजून बरीच आहेत, आणि घरच्या बाईनं आपल्या बोटांनी भिंतीवर काढलेलं चित्र जिवंत होतं, याचं तिथं कोणाला नवल नाही. भिंतींच्या आत त्या चित्रांचा अख्खा मुलुख आहे. एकाला एक लागून असलेल्या घरांमधून तो गावभर पसरलाय. गाईची पावलं शेजारी चरायला जातात, मोर विमलबाईच्या भिंतीतल्या लांडोरीवर जीव टाकून आहे. शाळेतल्या बाईंनी रंगवलेली तेलुगू अक्षरं कधीमधी वाट चुकून येतात आणि नव्या जावयासारखी कोपऱ्यात अवघडून उभी राहतात. सिमेंटच्या भिंतीत मात्र काही जगत नाही. स्लॅबची घरं बांधणाऱ्यांनी मग कॅलेंडरं लावावीत आणि बसावं.

या मुलुखात सगळ्यात मान हळदीच्या हातांचा. लग्न होऊन आलेली जोडी दाराशेजारी आपापला उजवा पंजा उठवते. सुनेचं मनगट सासूनं धरायचं, ही रीत. आणि ती सून पुढं दुसऱ्या घरी गेलीच, तर त्याच सासूनं ओल्या फडक्यानं तो पंजा पुसायचा. तोवर तो मोकळा होत नाही, आणि सुनेच्या खऱ्या हाताला स्पर्श कळत नाही.

राहीबाईचा पोरगा भारत गेल्या साली हायवेवर मोटरसायकलीच्या अपघातात गेला. सुनेचं, सुवर्णाचं, वय ते काय! राहीबाईनंच पुढं होऊन भीमपूरच्या लखनशी तिचा पाट लावून दिला. लखन भाजीवाला, माणूस नेक. सगळ्या गावानं राहीबाईची वाहवा केली. पण पंजा तिनं पुसला नव्हता.

पुसणार कशी? भिंतीत दोन्ही हात जोडीनं हिंडायचे. चुलीपाशी यायचे, तिच्या पाठीमागं रेंगाळायचे. पोरगा तेवढाच तर उरला होता, आणि तोही एकटा नव्हता. पण सुवर्णा भीमपूरला गेली आणि त्यांच्यात काहीतरी बिनसलं. तिचा हात दाराकडं पळायचा, त्याचा हात तिच्या मागोमाग. राहीबाईनं आपल्या मनाशी अर्थ लावला, की ही सटवी निघाली आणि माझं लेकरू तिला अडवतंय. तिचा संताप झाला. तिनं गेरू कालवला आणि दाराशेजारी वरपासून खालपर्यंत जाड रेघ ओढली. घरच्या बाईची रेघ भिंतीतलं कोणी ओलांडू शकत नाही. तेव्हापासून भिंतीत ही अशी दाणादाण होती.

दुपारी सुवर्णाच दारात उभी राहिली.

"आत्याबाई, हात पाहा माहा."

तळहातावर भला मोठा फोड होता. राहीबाईच्या हातातलं भांडं खाली ठेवलं गेलं.

"अवो माय! कशानं वं?"

"तव्यानं. चटका बसला तं समजलंच नाई. वास आला तवा पाह्यलं." सुवर्णानं मान खाली घातली. "भाकर थापतो तं फाटते. कापूस येचतो तं बोंड हाती लागलं का नाई, समजत नाई. अन्..." ती थांबली. "लखन हात धरते, तं तेबी समजत नाई मले."

ओसरीवरून राहीबाईचे यजमान अमृतराव म्हणाले, "तूच धाडली ना तिले? मंग हात काऊन ठेवून घेतला?"

"तुमी बोलू नका!" राहीबाई उसळली. "तिचा हात गेला तं माहा भारत एकटा पडते. तिले जायाचं हाय, अन् तो तिच्यामागं धावून धावून थकून राह्यला. दिसत नाई तुमाले?"

"मले तं तसं नाई दिसत," अमृतराव हळूच म्हणाले.

राहीबाई तरातरा भिंतीपाशी गेली, दाखवायलाच. आणि पहिल्यांदा नीट बघितलं.

सुवर्णाचा पिवळा हात रेघेपाशी होता, पण रेघेकडं पाठ करून. तो चुलीकडं वळत होता, राहीबाईकडं. भारतचा हात त्याच्या मनगटाला टेकून त्याला रेघेकडं लोटत होता. तो परत फिरला, यानं परत लोटला. मग त्याला तिथंच सोडून भारतचा हात रेघेवर गेला आणि नखांनी गेरू खरवडू लागला. रेघ एका जागी पार झिजली होती. हळदीच्या त्या पाची बोटांची टोकं लाल झाली होती.

राहीबाईनं झिजलेल्या जागेवरून बोट फिरवलं. लेकरू बायकोला अडवत नव्हतं, वाट करून देत होतं. अडवत होती ती आई. तिला आपलीच इतकी लाज वाटली, की पदर तोंडात कोंबावा लागला.

मग ती वळली. फडकं भिजवलं, पिळलं. आधी रेघ पुसली. भारतचा हात बाजूला सरकला. सुवर्णाच्या पंजावर तिनं फडकं ठेवलं, तेव्हा तो तिच्या तळव्याला बिलगला. थांबली असती तर पुन्हा जमलं नसतं. तिनं डोळे मिटून एका दमात पुसलं.

मागं सुवर्णा किंचाळली.

"आई गं! आत्याबाई, जळून राह्यलं! लई जळून राह्यलं!"

तेव्हा न कळलेला चटका आता एकदम हातात आला होता. पोर हात झटकत, थयथयाट करत रडत होती. राहीबाईनं तिला जवळ ओढलं, मांडीवर हात घेतला आणि फुंकर घालू लागली.

"जळू दे, पोरी. जळू दे आता," ती म्हणत होती आणि स्वतःही रडत होती.

नाग आपापल्या वेटोळ्यात परतले, गाईची पावलं खाली उतरली. हळूहळू सुवर्णाचं रडणंही ओसरलं. "झालं आता, आत्याबाई, कमी झालं," ती म्हणाली. पण भिंतीत आता एकच हात उरला होता. त्याच्याकडं मान वर करून बघायचा राहीबाईला धीर होईना, म्हणून ती फुंकर घालतच राहिली.