विहीणबाईंचं भाषांतर

चष्म्याच्या दुकानात काचा घासणाऱ्या मावशींची लेक गेली आणि चार वर्षांची नात बंगाली विहीणबाईंच्या ताब्यात राहिली. जावई बोटीवर. पोरीला बंगालीखेरीज काही येईना, तेव्हा रविवारच्या व्हिडिओ कॉलवर विहीणबाईच दुभाषी. पोर भरभरून बोलायची आणि बाई मराठीत सांगायच्या, "म्हणते, खेळायला जायचंय." भेटीचं काढलं की म्हणायच्या, "तिला तुमची आठवणच येत नाही, कशाला येता?"

एवढी चिवचिव आणि अर्थ एवढासाच? मावशींनी डोळे तपासायचा बंगाली अक्षरांचा तक्ता मागवून समोरच्या भिंतीवर टांगला.

"मावशी, हे वाचणार कोण?" मालकानं विचारलं.

"मी."

वरच्या ढब्बू अक्षरापासून तळाच्या मुंगीएवढ्या ओळीपर्यंत यायला सहा महिने लागले. मग रविवारची बोलणी फोनवर साठवून, मांडीवर शब्दकोश घेऊन त्या एकेक शब्द सोलू लागल्या. एका दुपारी वाक्य उलगडलं. "दिदा, तुमि कबे आसबे?" आजी, तू कधी येणार?

तळपायाची आग मस्तकात गेली. पण एकटीला झापून काय उपयोग? बाई कानांवर हात ठेवून मोकळी झाली असती. पाच आठवड्यांनी जावई रजेवर येणार होता. लेकासमोर, चारचौघांत हिचं नाक कापायचं! ते पाच रविवार मावशी मख्ख चेहऱ्यानं बसल्या. पोर विचारायची, बाई थापा मारायची आणि मावशी मान डोलवायच्या. मनातून काय गुदगुल्या होत होत्या!

सहाव्या रविवारी पडद्यावर सगळं घर होतं. पोरीनं विचारलं.

"म्हणते, झोप आली," विहीणबाई म्हणाल्या.

"खोटं!" मावशी बंगालीत कडाडल्या. "ती विचारते, मी कधी येणार. दर रविवारी हेच विचारते आणि दर रविवारी तुम्ही थापा मारता."

विहीणबाई पांढऱ्याफटक पडल्या. जावई आईकडे बघत उठून उभा राहिला. मावशींचा जीव कसा गार झाला.

पोर फोनजवळ सरकली. "दिदा, तुला माझं बोलणं कळतं?"

"कळतं गं राणी. पाच रविवार झाले."

"मग उत्तर का नाही दिलंस? मला वाटलं, तुला यायचंच नाहीये."