पडून उठणारी माणसं

पिक्! रविवार दुपारच्या सामसुमीत स्वयंपाकघराच्या छताला लावलेला, धूर झाला की ओरडणारा स्मोक अलार्म वाजला. बॅटरी संपत आली होती. मित्रांनो, एवढ्याशा त्या आवाजाने एका घराचा घात केला.

मी एक जुनी व्हिडिओ कॅसेट आहे. माझ्या पोटात जुन्या हॉलिवूडचे छोटे, काळेपांढरे विनोदी चित्रपट आहेत. त्यातला एक नवरा घरात वॉलपेपर लावायला जातो, शिडीवरून कोसळतो, खळीची बादली त्याच्या डोक्यात अडकते आणि बायको लाटणं घेऊन धावते. लायब्ररीत मुलांनी मला झिजेपर्यंत पाहिलं. पुढे डीव्हीडी आल्या आणि मी विक्रीच्या खोक्यात गेले. २००४ साली अमेरिकेत, टेक्सासमधल्या फ्रिस्को गावात राहणाऱ्या प्रल्हादने मला तिथून उचललं, चार वर्षांच्या नीनासाठी.

मग रोज ऑफिसमधून आला की तो माझ्यातल्या नवऱ्यासारखा सोफ्यावरून धाडकन पडायचा आणि जीभ बाहेर काढून निपचित राहायचा. नीना टाळ्या वाजवत म्हणायची, "बाबा, अगेन!" की हा ताडकन उभा. वरच्या मजल्यावर तिच्या आईला, आश्लेषाला, त्या खिदळण्यावरूनच कळायचं, खाली सगळं ठीक आहे.

त्या रविवारी प्रल्हाद अलार्मची बॅटरी बदलायला शिडीवर चढला आणि त्याचा पाय सटकला. डोकं ओट्याच्या कडेवर आपटलं. टीव्हीखालच्या फळीवरून मला दिसत होतं, पण मला हाक कुठे मारता येते? नीना हसली. अगेन म्हणाली, पुन्हा पुन्हा म्हणाली. वर कपड्यांच्या घड्या घालता घालता ते ऐकून आश्लेषालाही हसू आलं. अर्ध्या तासाने ती खाली आली.

प्रल्हाद हॉस्पिटलमधून परत आला नाही.

आश्लेषाने मला कपाटात टॉवेलांखाली दडवलं. त्याच खोलीत, दार लावून, तिने फोनवर आपल्या बहिणीला, वसुधाला सांगितलं, की थोडं आधी आणलं असतं तर वाचला असता, असं डॉक्टर म्हणाले. हे नीनाच्या कानावर कधी म्हणजे कधी जाता कामा नये.

मित्रांनो, माझ्यातली माणसं उठतात, कारण त्यांचं पडणं ठरवून केलेलं असतं. घरातलं माणूस पडलं तर आधी त्याला हाक मारा. त्याने ओ दिली, मग पोट धरून हसा. हे मी नीनाला सांगत नाही हं. तिची काहीच चूक नव्हती.

काल टॉवेल ओढताना मी आता मोठ्या झालेल्या नीनाच्या हाती लागले. मला छातीशी धरून ती आईपुढे उभी राहिली.

"आई, मी नुसतं अगेन म्हणत बसले. तुला बोलावलं असतं, तर बाबा उठला असता?"