एकनाथरावांचा आवाज

एकोणचाळीस वर्षांत एकनाथरावांनी तेलुगू पडद्यावर पन्नासेक मुली सासरी पाठवल्या आणि निदान वीस आरोपींना फाशी सुनावली. पण त्यातला एक शब्दही त्यांच्या स्वतःच्या आवाजात नव्हता. तेलुगू मुलखातल्या विद्यानगरच्या मराठी घरात वाढलेला माणूस. तेलुगूत शिरला की मराठी हेल काही सुटायचा नाही. पहिल्याच सिनेमात ठरलं, चेहरा ह्यांचा आणि आवाज नरसिंगमचा. ओठ ह्यांनी हलवायचे, हुंदका डबिंगच्या खोलीत त्यानं द्यायचा. लग्नकार्यात भेटलेले लोक एकनाथरावांचा खरा, बारीक आवाज ऐकून विचारत, “सर्दी झाली का सर?” त्यावर हसून हसून त्यांचा जीव विटला होता.

नरसिंगम गेला. त्याच्या दहाव्याहून आल्यावर एकनाथराव बायकोला म्हणाले, “भामा, सध्याच्या मालिकेतल्या बापाचं आता मीच बोलतो म्हणणार आहे. मरायच्या आधी एकदा तरी माझा आवाज ऐकू दे लोकांना.”

“विचारून तर बघा. नक्को म्हणतील, आणखी काय की करतील?”

दिग्दर्शक विजय चटकन हो म्हणाला. मग महिनाभर एकनाथराव शेजारच्या निवृत्त तेलुगू मास्तरांपुढे शाळकरी पोरासारखे उच्चार घोटत बसले.

कुकटपल्लीच्या स्टुडिओत ते माइकसमोर उभे राहिले. प्रसंग होता बाप लेकीची माफी मागतो तो. ते मनापासून बोलले. एक अक्षर चुकलं नाही. काचेपलीकडे विजयनं मात्र हेडफोन काढून ठेवले.

“भाषा एकदम साफ, सर,” विजय आत येऊन म्हणाला. “पण लोक विचारतील, हा कोण बोलतोय? त्यांना तुमचा आवाज पाठ आहे.”

“अहो, हाच माझा आवाज आहे.”

“हौ सर, पण लोकांना कुठं माहीत आहे? नरसिंगम गारूंसारखं जरा जाड करून बघता? नाहीतर एक मिमिक्रीवाला आहे, त्याला बोलावतो.”

आपल्या तोंडून बोलायला आता मिमिक्रीवाला! एकनाथरावांना संताप आला आणि त्याहून जास्त कंटाळा आला. भांडायचं वय मागेच सरलं होतं. ते पाणी प्यायले, हनुवटी छातीकडे ओढली आणि खर्ज लावला. हुंदक्याआधी नरसिंगम कुठे आवंढा गिळायचा, हे त्यांच्याइतकं कोणाला ठाऊक असणार?

पहिलाच टेक ओके झाला. टाळ्या पडल्या. “आता कसं, एकदम तुम्ही वाटता, सर!” विजय म्हणाला. मग लागोपाठ सहा प्रसंग झाले.

जिन्यात आले तोच भामाबाईंचा फोन. “झालं का हो मनासारखं?”

“झालं,” एकनाथराव म्हणाले. गळा अजून नरसिंगमच्याच खर्जात होता.

पलीकडून भामाबाई अदबीनं म्हणाल्या, “कोण बोलतंय? जरा त्यांना द्या की फोन.”