जांभळं लोणी

जुमाकानच्या लोण्याला नावं ठेवणारा माणूस सरोवराच्या दक्षिण काठावर अजून जन्मायचा होता, असं खुद्द जुमाकानचंच मत होतं. गाई बऱ्या होत्या, गवतही बरं होतं, पण खरी कमाल आपल्या हाताची, हे ती गाईंनाही ऐकवायला कमी करत नसे. उन्हाळाभर ती लोणी काढायची, त्याला मीठ लावायची, मेंढीच्या धुऊन वाळवलेल्या वजडीत ते ठासून भरायची, तोंड शिवायची आणि त्या गरगरीत पिशव्या तळघरातल्या फळीवर ओळीनं मांडून ठेवायची. हिवाळ्यात बर्फानं रस्ता बुजला की घर त्या फळीवर जगायचं.

त्या पिशव्या ती कधी मोजत नसे. दुधालोण्याची मोजदाद केली की बरकत उठून शेजारच्या घरी जाते, यावर तिचा ठाम विश्वास होता, आणि शेजारणीकडे आधीच गरजेपेक्षा जास्त बरकत आहे, यावर त्याहून ठाम.

धाकटा मुलगा एर्मेक तिच्याजवळ राहत होता. थोरले लग्नं करून वेगळे होतात आणि धाकटा आईबापांचं घर धरून राहतो, ही तिकडची रीतच. नवरा जाऊन काही वर्षं झाली होती. एर्मेकनं मागच्या शरदात बिश्केकहून बायको आणली, बेगिमाय. पोरगी गोड होती, पण शहरात वाढलेली. जुमाकाननं तिला चहा दिला, भांडी दिली, अंगण झाडायला दिलं, लोण्याला मात्र हात लावू दिला नाही. साय काढायच्या यंत्राचा दांडा ती स्वतःच्या खोलीत ठेवायची, का म्हणून कुणी विचारलं तर गंजेल म्हणायची.

जुलैत मात्र तिचा नाइलाज झाला. वर डोंगरातल्या उन्हाळी कुरणावर तिच्या भावजयीचा पाय मोडला आणि जुमाकानला मदतीला जावं लागलं. दांडा काही बरोबर नेता येईना. तो सुनेच्या हातात देताना तिनं इतक्या सूचना दिल्या की ट्रकवाला हॉर्न वाजवून कंटाळला.

ट्रक वळणाआड गेला आणि बेगिमायला हुरूप आला. शहरात तिनं कुठंतरी फळांचं लोणी खाल्लं होतं, आणि इथं तर परसात फळांनी झुडपं वाकली होती. पहिल्यांदा तिनं रासबेरीचा रस काढून तसाच थंडगार लोण्यात ओतला. लोणी फाटलं, खाली गुलाबी पाणी आणि वर गुलाबी गुठळ्या. टाकून द्यायची सोय नव्हती. दूध, दही, लोणी हे पांढरं अन्न, ते मातीत जाऊ द्यायचं नाही, एवढं शहरातल्या पोरीलाही ठाऊक होतं. मग ते एर्मेकनं खाल्लं. नवा नवरा, बिचारा तोंड वाकडंही करू शकत नव्हता. नंतर तिनं सुके जर्दाळू भिजवून, कुटून घातले. चव बरी आली, पण धागे दातात अडकत. तेही एर्मेकनंच संपवलं आणि पट्टा एक भोक सैल केला.

मग तिनं कारागात घेतलं. करवंदासारखं काळं, आंबट फळ. ते साखर घालून चमचा उभा राहील इतकं आटवलं. पातेलं गालाला लावलं तरी ऊब लागणार नाही इतकं निवू दिलं. लोणी सकाळीच बाहेर काढून मऊ करून ठेवलं होतं. मग चमचा चमचा फळ घालत लाकडी पळीनं एवढं घोटलं की पांढऱ्याची एक रेघ राहिली नाही. बोट बुडवून चाखलं आणि ती एकटीच चुलीपाशी हसली.

झालं मात्र भरपूर, आणि ठेवायला काही नाही. मुरंब्याच्या दिवसांत त्या गावात एक वेळ कुणी मेंढी उसनी देईल, रिकामी बरणी देणार नाही. तळघरात एक रिकामी वजडी टांगलेली होती. बेगिमायनं ती भरली, सासूच्या टाक्यांकडे बघत बघत शिवली, आवडलं नाही म्हणून उसवून पुन्हा शिवली आणि फळीवर इतरांच्या शेजारी ठेवून दिली. सासू आली की सांगायचं, असं तिनं ठरवलं होतं. सासू आली, फाटकातूनच अंगण नीट झाडलं नसल्याचं बोलली, आणि सांगायचं राहून गेलं.

ऑगस्टात निरोप आला की व्याही-विहीणबाई येतायत. लग्नानंतर पहिल्यांदाच. आनंदाची गोष्ट होती, पण एर्मेकच्या पोटात काही राहत नाही, त्यानं खरं कारणही सांगून टाकलं. व्याह्यांचं बिश्केकला गाड्यांच्या सुट्या भागांचं दुकान होतं, त्यांना जावई मदतीला हवा होता आणि दोघांना कायमचं घेऊन जायचं हे बोलायलाच ते येत होते. जुमाकाननं ते ऐकून घेतलं. थोरले गेले, नवरा गेला, आता हीही दोघं गेली की एवढ्या घरात ती आणि दोन गाई. असला विचार मनात आला की जुमाकान रडत नाही, स्वयंपाकाला लागते.

तिचा हिशोब सरळ होता. दस्तरखान, म्हणजे जेवणाचं अंथरलेलं कापड, असं भरायचं की असल्या घरातून मुलगी-जावई न्यायचं म्हणायला विहीणबाईंची जीभच रेटू नये. मेंढी कापली. बेगिमाय अंगणात बोरसोक, म्हणजे पिठाचे फुगीर तुकडे, तळायला बसली. शेवटचा मान लोण्याचा, पिशवी पाहुण्यांसमोर कापायची आणि उरलेली त्यांच्याबरोबर बांधून द्यायची. जुमाकान तळघरात उतरली. ओळ तिला आठवत होती त्यापेक्षा लांब वाटली. "बरकत," ती कृतज्ञतेनं पुटपुटली, आणि सगळ्यांत सुबक टाक्यांची पिशवी उचलली. असा टाका आपल्याशिवाय कोण घालणार, असं मनात म्हणून तिनं ती कापडात गुंडाळली.

विहीणबाई सायराकुल शाळेत मुख्याध्यापिका होत्या आणि जेवतानाही समोरच्याचा गृहपाठ राहिला असावा अशा नजरेनं बघत. व्याही कुबात मात्र खाण्यात रमणारा माणूस. बेगिमाय समोवारपाशी बसून सगळ्यांना चहा देत होती, मानाप्रमाणे अर्धाच पेला. जुमाकाननं पिशवी मधोमध ठेवली, सुरी फिरवली आणि दोन्ही हातांनी ती उघडली.

आत जांभळं होतं.

 एर्मेक छताकडे बघू लागला. बेगिमायचा हात चुकला आणि आईचा पेला काठोकाठ भरला. तसा पेला पुढं करणं म्हणजे पिऊन निघा म्हणण्यासारखंच. सायराकुलबाईंनी पेला बघितला, लोणी बघितलं, मग मुलीकडे वळल्या.

"बेगिमाय, हा तुझाच प्रताप ना?" त्या म्हणाल्या. "विहीणबाई, मला मेलीला वाटलंच होतं. हिला या घरचं काही जमायचं नाही."

जुमाकानच्या डोक्यात तिडीक गेली होती. तिचं लोणी, तिची पिशवी, तिची इज्जत, आणि हो म्हणायला नुसती मान हलवली की पुरे होतं. तिनं सुनेकडे बघितलं. पोरीचे कान लालबुंद झाले होते आणि ती पेल्यांच्या कडा उगीचच पुसत होती. जुमाकान सून होऊन या घरात आली तेव्हा तिच्याही हातून दूध नासलं होतं, आणि तेव्हा तिच्या बाजूनं कुणी बोललं नव्हतं.

"तिचा काय संबंध?" जुमाकान म्हणाली. "मी केलंय. आमच्याकडे असंच करतात."

एर्मेकला ठसका लागला. कुबातनं मात्र तोवर बोरसोकवर बोटभर जांभळं लोणी थापून तोंडात टाकलं होतं, आणि त्याचा हात पुन्हा पिशवीकडे निघाला होता. नवरा बोलतही नाही म्हटल्यावर सायराकुलबाईंनी नाइलाजानं थोडं चाखलं. मग जरा जास्त. मग त्यांनी पाव पुढं ओढला आणि बराच वेळ कुणाचाच गृहपाठ तपासला नाही. शेवटी विचारलं, हे करतात कसं?

जुमाकाननं घसा साफ केला. "फळ घ्यायचं," ती म्हणाली. "लोणी घ्यायचं." पुढं काय ते तिलाही जाणून घ्यायचं होतं. "मग ते... मिसळतं."

"फळ आधी आटवायचं," समोवारपाशून हळूच आवाज आला. बेगिमायनं सगळं सांगितलं, गालाला लावायच्या पातेल्यापासून लाकडी पळीपर्यंत. आधी चाचरत, मग भराभर. रासबेरीचा आणि जर्दाळूचा फजितवाडाही तिनं लपवला नाही, आणि तो कुणी खाल्ला हे ऐकून कुबात पोट धरून हसला.

सायराकुलबाई हसल्या नाहीत. "आमच्याकडे तुला अंडं उकडता येत नव्हतं," त्या म्हणाल्या.

"तुमच्याकडे मला चुलीपाशी कोण येऊ देत होतं, आई? इथं आपांनी घर माझ्यावर टाकलं होतं."

आपा म्हणजे जुमाकान. तिला एकदम खोलीत गरम झाल्यासारखं वाटलं. भावजयीचा पाय मोडला नसता तर दांडा अजून तिच्याच गादीखाली असता. पोरीला ते माहीत होतं, आणि तरी चारचौघांत तिनं तसं म्हटलं. जुमाकानला स्वतःची लाज वाटली, आणि त्या लाजेतच कुठंतरी फार बरंही वाटलं.

तेवढ्यात कुबातनं तोंड पुसलं आणि ज्यासाठी आले होते ते बोलून टाकलं. दुकान आहे, वर दोन खोल्या रिकाम्या आहेत, शरदापासून यावं. जुमाकानची उत्तरं तोंडपाठ होती. धाकटा मुलगा, बापाचं घर, डोंगरासारखा हिवाळा. एर्मेक तिच्याचकडे बघत होता. आईनं नाही म्हटलं असतं तर तो जागचा हलला नसता, हे तिला पक्कं ठाऊक होतं.

"मला काय विचारता, व्याहीबुवा," ती म्हणाली.  "हिला विचारा. जगायचं तिला आहे."

सगळे बेगिमायकडे बघू लागले. तिनं उत्तर न देता सासूपुढची थाळी ओढली, बोरसोक फोडला, त्यावर लोणी लावलं आणि तो सासूच्या हातात ठेवला. मी केलंय म्हणून सांगून बसलेल्या बाईनं अजून ते चाखलंच नव्हतं, हे तिच्याशिवाय कुणाच्या ध्यानात आलं नव्हतं.

जुमाकाननं घास घेतला. आधी आंबट लागलं, मग गोड, आणि मग सगळ्यावरून तिच्याच गाईंची चव. डोळ्यांत पाणी आलं, पण ती शेवटी जुमाकान होती.

"मीठ कमी पडलंय," ती म्हणाली.

"पुढच्या वेळी तुम्ही घाला, आपा," बेगिमाय म्हणाली. "शरदात कारागात संपतं. मग आपण सफरचंदाचं करून बघू."

सायराकुलबाईंनी नवऱ्याकडे बघितलं. कुबातनं खांदे उडवले आणि उरलेली पिशवी आपल्याकडे ओढून घेतली.