गाडीएवढी माती

“आई, बाजूला सर. माप घ्यायचंय,” गणराज टेप ओढत म्हणाला. माझा थोरला. कंपनीत सुपरवायझर झाल्यापासून त्याला माती दिसली की फरशी सुचते.

महाळुंग्यातली आमची सात एकरं कारखान्यांखाली गेली. राहिलं घर आणि दारापुढचा गाडीएवढा तुकडा. त्यावरही त्याला सिमेंटचे ब्लॉक टाकायचे होते, गाडी लावायला.

“हितं मी लॉन करणार हाय,” मी म्हणाले.

“लॉन? शेजारच्या शेडची सावली असते दिवसभर. हरळीसुद्धा जगली नाही इथं.”

“मग गारव्यात जगणारं आणते. संक्रांतीला हिरवं न्हाई दिसलं तर घाल तुझं सिमिट.”

सून विजयश्री आत तोंड फिरवून हसली. हसू दे.

तळेगावच्या नर्सरीत बबनरावांनी राय गवताचं बी दाखवलं. “मावशी, हे थंडीचं गवत. न्या आणि आजच पेरा.”

भादवा चालू होता, घामानं पाठ भिजलेली.

“थंडीचं म्हंजी रब्बीचं,” मी म्हणाले. “गहू भादव्यात पेरता का तुमी?”

बबनरावांनी पिशवी बांधली.

दिवाळी सरली, पहाटे गोधडी लागायला लागली, तेव्हा मी माती भुसभुशीत केली. बी वाळूत कालवून आधी उभं फेकलं, मग आडवं. वर चाळलेल्या शेणखताचा पातळ थर, आणि रोज झारीनं पाणी. आठवड्यात कोंब वर आले. संक्रांतीला असं दाट हिरवं झालं, की बायका वाण घ्यायच्या आधी गवताला हात लावायच्या. गणराजनं त्यावर बसून फोटो काढले आणि कंपनीभर दाखवले. माझं नाव सांगितलं की नाही, देव जाणे.

चैत्रात गवत पिवळं पडलं आणि जळलं. त्याच आठवड्यात ब्लॉकचा टेम्पो दारात.

“मेलं ना आई तुझं गवत?”

“मेलं न्हाई, हंगाम सरला त्याचा. उन्हाळ्यात गव्हाचं रान मोकळंच असतंय. म्हनून त्यात कुनी फरशी घालतं व्हय?”

“घातली की,” तो खाली बघत म्हणाला. “सात एकरात.”

मी खुरपं घेतलं आणि तुकड्याच्या मधोमध फतकल मारून बसले.

“मावशी, उठता का?” टेम्पोवाला ओरडला.

“दिवाळीला उठते.”

त्यानं दोनदा हॉर्न वाजवला. मी वाळलेली मुळं मोकळी करत राहिले. बऱ्याच वेळानं गणराजनं त्याला हातानं जा म्हणून खुणावलं, नळाचा पाइप ओढत आणला आणि माझ्या पुढ्यात ठेवला.