आईच्या दहाव्याची चाल

थिएटरातले दिवे मालवले तेव्हा चंदरच्या मांडीवर पॉपकॉर्नचा पुडा होता आणि शेजारी दत्तू. पेठच्या डोंगरातल्या एकाच पाड्यावर दोघे लहानाचे मोठे झालेले. चंदर पावरी वाजवायचा, म्हणजे भोपळ्याचं लांब फुंकवाद्य. दत्तूकडे ढोल, आणि शहरातल्या लोकांशी बोलणंही त्याच्याचकडे. आधी टीव्हीवरची स्पर्धा झाली, मग एका मालिकेचं शीर्षकगीत, आणि आता हा सिनेमा. आपली पावरी ऐकायला दोघे मुद्दाम नाशिकला उतरले होते.

पडद्यावर वरात आली. बाटल्या उंचावल्या, आणि पावरी घुमली.

चंदरच्या हातातला घास हातातच राहिला. रेकॉर्डिंगला त्यानं लग्नाच्या चाली वाजवल्या होत्या. ही चाल त्यातली नव्हती. भागीबाई, त्याची आई, गेली तेव्हा तिच्या दहाव्याला त्यानं ही वाजवली होती. पाड्यावर मयताच्या दिवसांखेरीज ती कुणी तोंडाला लावत नसे. मध्येच हुंदक्यानं त्याची फुंक तुटली होती. तीही जशीच्या तशी आली. नाचणारे तिथं क्षणभर थबकले आणि दुप्पट उसळले. थिएटरात शिट्ट्या पडल्या.

मध्यंतरात त्यानं दत्तूला जिन्यापाशी गाठलं.

"त्या दिशी तू मोबाइल धरून बसला व्हतास. मला वाटलं, आईची आठवण ठेवतोय."

"आठवणच व्हती रं. पण संगीतवाल्यांना तुझं दुसरं काय आवडंच ना. मी नुसतं ऐकवलं त्यांना."

"तिच्या ताटात जेवलास तू, दत्त्या."

"म्हणून तर! म्हातारीच्या चालीवर सगळी पब्लिक नाचती हाय."

"तिच्या मयतावर नाचती हाय. पाड्यावर मी कोणत्या तोंडानं जाऊ?"

दत्तूनं गळ्याला हात लावला. "भागीआईची आण. रविवारच्या टीव्हीच्या कार्यक्रमात ही वाजवायची नाय. लग्नाचीच वाजवू."

चंदरनं मान हलवली. आईची आण कुणी खोटी घेत नाही, एवढं त्याला ठाऊक होतं.

रविवारी नाशिकच्याच सभागृहात कॅमेरे लागले. निवेदिकेनं सिनेमाचं नाव घेतलं आणि टाळ्या कडाडल्या. चंदरनं लग्नाच्या चालीसाठी छाती भरून घेतली. तो फुंकायच्या आधीच कर्ण्यांतून दहाव्याची चाल सुरू झाली. त्यानं दत्तूकडं पाहिलं. दत्तू ढोलावर मान घालून उभा होता.

चंदरनं पावरी खाली ठेवली आणि तो पडद्याआड गेला. चाल थांबली नाही. तृप्ती नावाची पोरगी तिथं कानात यंत्र घालून सगळ्यांना खुणा करत होती. ती धावत आली. "काका, नुसती हातात धरा ना! वाजतंय आपोआप. तिकडं जागा रिकामी दिसतेय."

"दिसू दे."

तिनं घाईनं दत्तूला खूण केली. दत्तूनं ढोल उतरवला, पावरी उचलली आणि तोंडाला लावली. जन्मात त्याला तिच्यातून एक सूर काढता आला नव्हता. आता तो गाल फुगवून, डोळे मिटून, भोकांवरून भलतीच बोटं फिरवत डुलत होता. आणि पहिल्या रांगेतली माणसं त्याच्यासाठी उभी राहून टाळ्या वाजवत होती.